कोंबड्या मारणारे डॉक्टर

आमच्या खात्यातली दोन माणसं एखाद्या लग्नात शेजारी शेजारी बसली, की आजूबाजूच्या खुर्च्या हळूहळू रिकाम्या होतात. लोक ताटातलं चिकन तसंच ठेवून उठतात. आम्हाला पत्ताही नसतो, कारण आम्ही रंगात आलेले असतो. "ती कावळ्याची केस आठवते का?" "अरे, तो टीव्हीवाला!" असं एकातून एक निघत जातं. बर्ड फ्लूचा एक हंगाम जरी काढला तरी असले किस्से इतके साठतात की घरी सांगून संपत नाहीत, आणि घरचे ऐकतही नाहीत. माझा नवरा म्हणतो, "तुझं ऐकून हसावं की ओकावं तेच कळत नाही." मी म्हणते, दोन्ही कर!

तर मी जनावरांची डॉक्टर. सरकारी. मूळची कराडकडची, राहते नेरूळला आणि नोकरी खाडीकाठच्या गावांत. या गावांत आता गुरं नावालाच उरली आहेत, गोठ्यांच्या जागी पार्किंग आलं. पण कोंबड्या मात्र आहेत. चार मजली बिल्डिंग, दारात भली मोठी गाडी आणि गाडीखाली सावलीला गावठी कोंबड्या, असं चित्र इथे घरोघर दिसतं.

माझा उजवा हात म्हणजे घरत. आमचा पशुधन पर्यवेक्षक, इथल्याच एका गावचा. गावाचं नाव मुद्दाम सांगत नाही, पुढे कळेल का ते. घरतची धाकटी बहीण वैशाली पनवेलच्या पलीकडे दिलेली. नवऱ्याची कंपनी बंद पडली तेव्हा त्या दोघांनी अंड्याच्या कोंबड्यांची शेड टाकली, आणि आता सगळं घर त्या अंड्यांवर चालतं. घरतचा जीव त्या शेडमध्ये अडकलेला. जगात कुठेही कोंबडी मेल्याची बातमी आली की हा आधी वैशूला फोन लावणार, मग मला.

*

घरतचं बायोसिक्युरिटीवरचं भाषण आख्ख्या जिल्ह्यात गाजलेलं. पोल्ट्रीवाल्यांसमोर उभा राहिला की त्याचा आवाज असा चढायचा की माईक नको.

"तुमच्या गेटवर येतो तो पावना नाय, वायरस हाय! आमदार आला तरी पाय बुडवल्याबिगर आत घ्यायचा नाय!"

शेडच्या दारात जंतुनाशकाची एक उथळ टाकी असते, तिला फुटबाथ म्हणतात. येणाऱ्याने बूट त्यात बुडवून मगच आत पाऊल टाकायचं. एवढीशी गोष्ट, पण शेड वाचते ती त्याच्यामुळे. भाषणानंतर महिन्याभराने आम्ही एका फार्मवर तपासणीला गेलो. बघतो तर काय, फुटबाथला नव्या टाइल्स! भोवती रांगोळी! पाण्यात झेंडूच्या पाकळ्या! मी बूट बुडवायला पाय उचलला, तेवढ्यात मालक धावत आला.

"मॅडम, मॅडम, जरा साइडनं! तुमी येनार म्हनून सकालपास्नं कुनाला पाय टाकू दिला नाय!"

आणि वैशालीची शेड बघा. तिच्या फुटबाथला ना टाइल, ना रांगोळी, पण तिने सासूलासुद्धा आंघोळ केल्याशिवाय आत सोडलं नाही. सासू चिडली, "मी सकाळीच आंघोळ करून आलेय!" वैशाली म्हणाली, "ती तुमच्यासाठी केलीत. आता कोंबड्यांसाठी करा."

हे घरत प्रत्येक भाषणात सांगायचा. सांगताना छाती फुगायची त्याची.

*

भाऊबीजेच्या दिवशी सकाळीच आम्हाला एका बाजारातून आजारी कोंबड्यांचे नमुने घ्यावे लागले. आजारी पक्ष्याला हात लावलेल्या माणसाने पुढचे काही दिवस दुसऱ्या शेडजवळ फिरकायचं नाही, हा घरतनेच जिल्हाभर शिकवलेला नियम. पण भाऊबीज चुकवायची कशी? हा गेला आणि गेटच्या बाहेर, रस्त्याच्या पार पलीकडच्या कडेला उभा राहिला.

वैशाली ताट घेऊन आली. रस्त्याच्या कडेला पाट मांडला. ओवाळायला सुरुवात केली आणि शेजारून खडीचा डंपर गेला. निरांजन विझलं, कुंकवावर धूळ बसली.

ती म्हणाली, "दादा, कोंबड्या कोनाच्या? माज्या का तुज्या?"

"तुज्या."

"मंग तू कोनाचा?"

घरतने ताटात ओवाळणी घातली आणि निघाला. थोडं पुढे जाऊन वळून बघतो, तर तो जिथे उभा होता तिथे वैशाली औषधाचा पंप मारत होती!

दुसऱ्या दिवशी मला हे सांगताना त्याच्या डोळ्यांत पाणी. "मॅडम, वाईट नाय वाटलं. शिकवल्यालं फुकट नाय गेलं!"

*

थंडी पडली आणि कावळ्यांचे फोन सुरू झाले. सीवूड्सच्या एका टॉवरमधून सेक्रेटरींचा फोन आला. क्लबहाऊसच्या गच्चीवर कावळा मरून पडलाय, बिल्डिंग सील करा, लहान मुलं आहेत, सीनियर सिटिझन आहेत! आम्ही पीपीई किट घालून गेलो. कावळा विजेच्या तारेला चिकटून मेलेला दिसत होता, पंख जळलेले. तरी नियमाप्रमाणे पिशवीत भरला.

सेक्रेटरी रुमाल नाकाला लावून लांबून बोलत होते. "डॉक्टर, मला एक कळत नाही. आमच्या सोसायटीत नॉनव्हेज अलाउड नाही. मग हा इथे मेलाच कसा?"

मी म्हटलं, "चुकून मेला. पुन्हा नाही मरणार."

त्यांनी मान डोलावली. त्यांचं समाधान झालं होतं!

*

मार्गशीर्ष लागला, आणि कोंबड्या मरायला लागल्या त्या नेमक्या घरतच्या गावात.

लॅबचा रिपोर्ट आला. असा रिपोर्ट आला की नकाशावर एक किलोमीटरचं वर्तुळ काढायचं, आणि त्याच्या आतला प्रत्येक पक्षी, आजारी असो नाहीतर ठणठणीत, मारून चुन्यासकट पुरायचा. क्रूर वाटतं ना? मलाही वाटतं. पण हे केलं नाही तर आठवडाभरात आजूबाजूच्या सगळ्या शेड्स झोपतात. जनावरं जगवायची म्हणून पाच वर्षं शिकले, आणि सरकारने मला सगळ्यात जास्त वेळा केलेला फोन मारण्यासाठी!

गावात शिरलो तर अख्खं गाव वाटेत उभं. बायका पुढे. "आमच्या कोंब्र्या धडधाकट हायत, हात लावून बगा!" आमच्याबरोबरचे पोलीस मागे सरकले. मी तोंड उघडणार तेवढ्यात घरत पुढे झाला.

"पयल्या माज्या घरच्या," म्हणाला, आणि स्वतःच्या दारात जाऊन उभा राहिला.

त्याची आई ओट्यावर बसली होती. ती उठली. आत गेली, डालग्याखालची एकेक कोंबडी उचलून आणली आणि लेकाच्या हातात देत गेली. शेवटची दिली आणि म्हणाली, "झाल्या. एवढ्याच." मग विचारलं, "सुई टोचतास का मान मोडतास?"

"मान, आई."

"मंग पटकन मोड. लानपनापास्नं तुला सगल्या कामाला येल लागतो."

बायका वाटेतून बाजूला झाल्या. नंतर कुणीही हुज्जत घातली नाही. जाताना घरतने आईला बजावलं, "महिनाभर वैशूकडं जायाचं नाय. चपलेच्या मातीनं पन जातो यो रोग." म्हातारीने मान हलवली. त्या दिवशी मी घरतला मनातल्या मनात सलाम ठोकला, आजही ठोकते.

*

त्याच गावात दोन भाऊ. बोलचाल बंद, वाटणी झालेली, मधे कमरेएवढी भिंत. आमच्या वर्तुळाची रेघ बरोबर त्या भिंतीवरून गेली! थोरल्याचं घर आत, धाकट्याचं बाहेर. थोरल्याच्या कोंबड्या आम्ही नेल्या. धाकट्याच्या कोंबड्या भिंतीवर चढून बघत होत्या.

थोरला माझ्यामागे आला. मला वाटलं, भरपाईचं विचारणार.

"मॅडम, वायरसला ठावं हाय का, भिंत कुटं हाय ती?"

मी म्हटलं, "नाही दादा. पण ऑर्डर तशी आहे."

"मंग त्याच्यापन मारा. त्याच्यापन मारल्यात तर माजी काय तक्रार नाय."

मी नाही म्हटलं. तो ओट्यावर जाऊन बसला आणि घळाघळा रडला. कोंबड्या गेल्या म्हणून नाही. भावाच्या वाचल्या म्हणून!

*

काम संपलं. खड्डा बुजवला. किट काढल्यावर आम्ही सगळे घामाने असे निथळत होतो की पिळून वाळत घातलं असतं तरी चाललं असतं. तेवढ्यात चॅनेलची गाडी आली. ट्रॅफिकमध्ये अडकली होती म्हणे. रिपोर्टर मुलगी धापा टाकत माझ्यापर्यंत आली.

"मॅडम, सॉरी, सॉरी! एकदा परत करता का प्लीज?"

"काय परत करू?"

"मारायचं. विज्युअल्स नाहीयेत आमच्याकडे."

मी म्हटलं, "बाई, सगळे मेले."

ती हिरमुसली. मग तिने इकडे तिकडे बघितलं आणि घरतला विचारलं, "काका, मग निदान तुम्ही थोडं रडता का?"

घरत तिच्याकडे बघत राहिला. कॅमेरा सुरू होता. बातमी लागली तेव्हा खाली पट्टी होती, 'कोंबड्यांच्या मृत्यूने अधिकारी स्तब्ध'.

*

त्या दिवशी घरी पोचले तर लिफ्टपाशी आमच्या मजल्यावरच्या काकू उभ्या. मला बघून त्यांनी लिफ्टचं दारच अडवलं.

"तुम्ही जरा जिन्याने जाल का, प्लीज? टीव्हीवर दिसलात. काही म्हणणं नाही हो, पण आमच्याकडे नातू आहे."

मी त्या खड्ड्यावर आंघोळ करून, कपडे बदलून आले होते, हे त्यांना सांगण्यात अर्थ नव्हता. सातवा मजला. जिन्याने गेले. पाय बोलत होते. दार उघडून बसते न बसते तोच फोन वाजला. काकूच!

"अहो, ते चिकन म्हणे अर्ध्या भावात आलंय. नीट शिजवलं तर चालतं ना?"

"चालतं."

"मग उद्या येताना आणाल का किलोभर? तुमच्या ओळखीचा असेल ना कुणी. चांगलं देईल!"

*

हे असं सगळीकडेच झालं. लोकांनी चिकन सोडलं, अंडी सोडली, भाव कोसळले. वैशालीची शेड आमच्या वर्तुळापासून कितीतरी लांब, तिच्या कोंबड्या ठणठणीत, पण अंडी उचलायला गाडीच येईना. खोलीभर ट्रे साठले. ती रोज घरतला फोन करून एकच विचारायची, "दादा, रोगानं नाय मेलो तर काय अशानं मरायचं का?"

मग व्यापाऱ्यांनी ठरवलं, लोकांची भीती घालवायची. वाशीत हॉल घेतला. मान्यवरांना बोलवायचं, स्टेजवर सगळ्यांसमोर चिकन खायला घालायचं, फोटो छापून आणायचे. कल्पना उत्तम! आमच्या साहेबांनी तारीख दिली. हॉल रिकामा होता म्हणून गुरुवार दिला.

मार्गशीर्षातला गुरुवार!

स्टेजवर सहा मान्यवर, समोर सहा प्लेटी, तंदुरीचा घमघमाट. पहिल्या बाई म्हणाल्या, "माझा उपवास." दुसऱ्यांच्या घरात घट मांडलेला. तिसरे म्हणाले, "गुरुवारी मी अंडंसुद्धा खात नाही." चौथ्यांच्या गळ्यात माळ. पाचवे फोनवर बोलत बोलत जिना उतरून गेले. उरले आमचे साहेब. त्यांनी छातीवर हात ठेवला. "डॉक्टरांनी मसालेदार बंद केलंय."

फोटोग्राफर ताटकळला, तंदुरी गार झाली. साहेबांनी हळूच घरतला खूण केली. चेहरा येणार नाही, फक्त हात आणि प्लेट. घरत बसला आणि खाल्लं. त्याच आठवड्यात आईच्या कोंबड्यांच्या माना मोडलेला तो हात. नंतर मला म्हणाला, "घास तोंडात फिरत व्हता, मॅडम." मला त्या आख्ख्या स्टेजची अशी चीड आली होती की बोलायची सोय नाही.

दुसऱ्या दिवशी पेपरात हाताचा झकास फोटो. खाली ओळ, 'मान्यवरांनी घेतला चिकनचा आस्वाद'. सकाळी सकाळी वैशालीचा फोन.

"दादा, यो हात तुजा हाय ना? करंगली वलखली मी. भाऊबीजेला घरात येत नाय, न् पार्टीला हाय!" मग हसली. "जाऊ दे. खाल्लंस ते बरं केलंस. आज अंड्याची गाडी आली."

आख्ख्या हंगामात घरत तेव्हा एकदाच मोकळा हसला.

*

आता शेवटचा. हा आम्ही लग्नात सांगत नाही.

पुढच्या आठवड्यात वैशालीचा फोन आला. "दादा, पक्षी खाईनात. तुरे निले पडलेत." एवढंच बोलली.

आम्ही गेटबाहेर किट चढवले. वैशाली फुटबाथपाशी उभी होती. डोळे सुजलेले. तरी मी पुढे झाले तशी म्हणाली, "मॅडम, पाय." मी पाय बुडवले.

आत गेल्यावर मला तपासायचीही गरज पडली नाही. अंड्याच्या कोंबड्यांच्या शेडमध्ये कायम एक गलका असतो, बाजारासारखा. तिथे शांतता होती. माना वाकड्या करून पक्षी ओळीने पडले होते. मी नमुने घेतले, कारण घ्यायचे असतात.

बाहेर येऊन घरत बहिणीला विचारायला लागला. हेच प्रश्न आम्ही सगळ्यांना विचारतो.

"खाद्याची गाडी?"

"गेटवर उतरवली. पोती मी पुसून आत आनली."

"ट्रे?"

"नवे."

"जाली फाटली कुटं? कावला, बगला?"

"चिमनीपन नाय, दादा."

"मानूस?"

वैशालीने आधी शेडकडे बघितलं. मग म्हणाली, "आई आल्ती. दोन दिस."

घरत गेटजवळच्या कट्ट्यावर बसला. "मी तिला सांगितलं व्हतं..."

"मंग काय करू? तुला वोवाललं रस्त्यावर, तिला पन परत धाडू? सगल्या कोंब्र्या तू मारल्यास तिच्या. तोंड बारीक करून आल्ती." वैशाली रडायला लागली. "पन तुजी शप्पत दादा, तिला आंघोल घातली. माजी साडी नेसवली. चपला बाहेर ठेवल्या. पाय बुडवले. सगलं तू सांगितलंस तसं केलं, न् मगच आत घेतली. उलट तिचा हातभारच झाला, दोन दिस कोंब्र्यांना खाद्य तीच घालत व्हती."

"बरोबर काय आनलं व्हतं?"

"काय नाय. कपड्यांची पिशवी. ती तिनं खाद्याच्या खोलीत ठेवली."

घरतने फोन काढला. हातात ग्लोव्हज होते, म्हणून स्पीकरवर लावला. आम्ही दोघी त्या कट्ट्यापाशी उभ्या. पलीकडून म्हातारीचा आवाज आला, चांगला खुशीतला.

"बोल रं."

"आई, वैशूकडं गेलीस तवा पिशवीत काय व्हतं?"

"तू रागावशील."

"नाय रागवत. सांग."

"कोंबडा."

"कंचा कोंबडा? सगल्या दिल्यास ना मना?"

"यो देवीचा व्हता. वैशूच्या शेडवर यो रोग नको येऊ दे म्हनून बोलली व्हती मी गावदेवीला. देवीचं जनावर तुज्या हातानं कसं मोडू देऊ? पाप तुला लागलं असतं. म्हनून देवाच्या खोलीत झाकून ठेवला, न् मंग वैशूकडं नेला. जत्रेपत्तर तिथं ऱ्हायला असता."

घरतने डोळे मिटून घेतले. "कुटं हाय त्यो आता?"

"अरे, त्याचंच तर नवल हाय! दुसऱ्या दिशी सकाली पिशवी उघडते तर थंड! कुनाचा हात नाय, सुरी नाय. देवीला जत्रेपत्तर दमच निघाला नाय रं, तिनं आपल्या हातानं नेला! मी त्याला मागं आंब्याखाली पुरला, हात जोडले, न् तशीच वैशूच्या कोंब्र्यांना दाना घालाया गेली. तिला काय बोल्ली नाय, उगा घाबरली असती. नवस फिटला बघ. आता तू पोरीला रोज फोन करून तिच्या डोक्याला टेन्शन देऊ नको."